मागं घेतलेला हत्ती

लोणावळे,
ता. १९ मे १९३५

ती. सौ. वन्संना अरुंधतीचा शिरसाष्टांग नमस्कार.

‘गोपाळ जिवंत आहे का, एवढं तरी एका ओळीत कळवा’ हे तुमचं कार्ड परवा पोचलं. ह्यांना वाचून दाखवलं तर हसले. म्हणाले, ‘अक्काला लिही, जिवंत आहे आणि रोज हरतो आहे.’

हरण्याची हकिकत अशी. तुंगार्लीला तळ्याच्या वाटेवरच्या एका बंगल्यात यंदा मुंबईचे एक म्हातारे वकील हंगामाला येऊन राहिले आहेत. माधवराव नाव. पत्नी वारली, मुलगे लांब. सोबतीला एक स्वयंपाकी आणि बुद्धिबळाचा पट. ते ह्यांच्या धरणाच्या कचेरीत कसला तरी नकाशा बघायला आले होते. नकाशा ह्यांनीच काढलेला. बोलता बोलता बुद्धिबळाचं निघालं आणि त्याच संध्याकाळी हे तिकडं गेले. तुमच्या आजोबांच्या हाताखाली शिकलेले, त्यामुळे गेले ते ऐटीत. पण माधवराव खेळतात विलायती पद्धतीनं. त्यात प्यादं पहिल्या खेपेला दोन घरं चालतं, आणि आपल्याकडं राजाला एकदा घोड्याची उडी मारता येते, ती त्यात नाही. ह्यांना राजाची अडचण होणार असं दिसलं तशी ह्यांनी उडी मारली. माधवराव म्हणाले, ‘अहो गोपाळकृष्णपंत, विलायतेतले राजे उड्या मारत नाहीत.’

हे वाक्य हे रोज एकदा तरी म्हणतात. आधी हसून म्हणत.

कचेरीतून आले की चहा उभ्या उभ्या घेतात आणि निघतात. नीरजा फाटकापर्यंत मागं जाते. सहा वर्षांची झाली, पण संध्याकाळी बाबांचं बोट धरून फिरायची तिला सवय होती. असो. पावसाच्या तोंडाला माधवराव मुंबईला परत जातील, मग सगळं पूर्ववत होईल.

तुमच्याकडची सगळी खुशाल असावीत. लोभ आहे तसाच राहू द्यावा.

आपली,
सौ. अरुंधती


इंदूर,
ता. ३ जून १९३५

चि. सौ. अरुंधतीस द्वारकेचे अनेक आशीर्वाद.

पत्र वाचून माझी काळजी गेली आणि तुझी मात्र गंमत वाटली. अगं, बुद्धिबळच ना? आमच्या आळीतला एक गृहस्थ रोज पिऊन येतो आणि त्याची बायको दाराला आतून कडी लावून बसते. तुझा नवरा एका म्हाताऱ्या वकिलाकडं बसून लाकडाचे घोडे हलवतो, याची तू तक्रार करतेस!

तू त्याला आता ओळखायला लागलीस, मी त्याला वाढवला आहे. आई गेली तेव्हा तो तीन वर्षांचा आणि मी तेरा. त्याला आजोबांच्या पुढ्यात बसवून मी चूल बघायची. आजोबा डाव मांडत आणि हे एवढंसं पोर त्या पटाकडं बघत बसे. जेवायला हाक मारली तर ऐकू जायचं नाही. मी ताट तिथंच नेऊन घास भरवायची. तोंड उघडायचा, पण नजर पटावरून हलायची नाही. गावातले लोक बघायला यायचे. आमच्या घराण्यात डोकं आहे, अरुंधती. ते कुठंतरी लागायला नको का? नुसते नकाशे काढून ते भरत नसणार.

तेव्हा एकच सांगते. तो खेळत असला की मध्ये बोलू नकोस. आणि जेवला नाही तर भरव. त्यात लाज कसली?

नीरजेस गोड पापा.

द्वारका


लोणावळे,
ता. १० नोव्हेंबर १९३५

ती. सौ. वन्संना सा. न.

दिवाळीचा फराळ पोचला. अनारसे ह्यांना आवडले असते. म्हणजे खाल्ले, पण विचारलं तर काय खाल्लं ते सांगता आलं नाही.

माधवराव जूनमध्येच मुंबईला गेले. तरी खेळ थांबला नाही. आता तो टपालानं चालतो. एका कार्डावर ह्यांच्या दोन-दोन डावांच्या खेळ्या जातात, चार-पाच दिवसांनी त्यांच्या येतात. मधले दिवस हे पट मांडून त्यापुढं बसलेले असतात. आमच्याकडं कामाला वलवणची विठाबाई येते, ती केर काढताना पटाभोवतीची जागा सोडून काढते. एकदा तिचा पदर लागून एक उंट पडला, तर ह्यांनी सगळा डाव पहिल्या खेळीपासून पुन्हा मांडला आणि कचेरीत दुपारी गेले. तेव्हापासून ती त्या खोलीत शिरताना पदर खोचून घेते.

तुम्ही सांगितलंत तसं मी मध्ये बोलत नाही. भरवायला मात्र मला जमलं नाही. एकदा ताट पुढं केलं, तर त्यांनी लोणच्याची वाटी उचलून आमटीच्या जागी ठेवली आणि माझ्याकडं बघून म्हणाले, ‘आता तुझी खेळी.’ नीरजा पोट धरून हसली. मीही हसले.

पत्रांवरच्या डावात ह्यांनी माधवरावांना दोनदा हरवलं. त्यांनी मोठ्या मनानं लिहिलं, की तुमच्या तोडीचा माणूस मुंबईत मला ठाऊक नाही, डिसेंबरात पुण्याला सामने आहेत त्यात उतरा. हे उतरणार आहेत. कितीतरी दिवसांनी त्या दिवशी नीरजाला खांद्यावर घेऊन अंगणात नाचले. तेव्हा वाटलं, तुमचंच खरं असेल. मीच उगाच घाबरते.

सौ. अरुंधती


इंदूर,
ता. ८ जानेवारी १९३६

चि. सौ. अरुंधतीस अनेक आशीर्वाद.

अगं, एवढी मोठी गोष्ट आणि तुझं एक कार्ड नाही? शेजारच्यांकडं मुंबईचं वर्तमानपत्र येतं, त्यात पुण्याच्या सामन्यांची बातमी होती. ‘लोणावळ्याचे श्री. गोपाळकृष्ण हे आजवर एकही डाव हरलेले नाहीत.’ छापून आलं आहे! मी ते पान मागून घेतलं आणि ह्यांना वाचून दाखवलं. अर्धांग झाल्यापासून ह्यांना बोलता येत नाही, पण डोळ्यांत पाणी आलं. आळीत पेढे वाटले. आजोबा असते तर म्हातारा नाचला असता.

शेवटी पहिला आला ना? बक्षीस कोणाच्या हस्ते मिळालं? सगळं सविस्तर लिही. आणि त्याची दृष्ट काढ.

द्वारका


लोणावळे,
ता. २ फेब्रुवारी १९३६

ती. सौ. वन्संना सा. न.

तुम्ही पेढे वाटलेत हे वाचलं आणि पत्र हातात धरून किती वेळ बसले होते कोण जाणे. वर्तमानपत्रात आलं ते सामने संपायच्या आदल्या दिवशीचं. शेवटचा डाव हे हरले.

समोर मिरजेचा एक विशीतला मुलगा होता. डाव ह्यांचाच होता. तो मुलगा हार मानायला म्हणून टोपी हातात घेऊन बसला होता, आणि ह्यांनी पुढं घातलेला हत्ती मागं घेतला. तेवढ्यानं सगळं फिरलं. उठताना तो बिचारा हात जोडून म्हणाला, ‘डाव तुमचाच होता.’ मी तिथं नव्हते, पण मला हे सगळं पाठ आहे. रोज ऐकते.

पुण्याहून आल्यापासून दुसरा डाव नाही. माधवरावांची कार्डं येऊन पडली आहेत. सकाळी उठून हे पटावर तोच डाव मांडतात आणि त्या हत्तीपाशी येऊन थांबतात. हत्ती मागं न घेता काय केलं असतं? मग त्यानं काय केलं असतं? मग आपण काय? हे मनात चालतं. तोंडानं फक्त ‘छे’ ऐकू येतं, आणि मोहरी पुन्हा मागं जातात.

गेल्या आठवड्यात कचेरीतले मोठे साहेब स्वतः घरी आले. एक नकाशा गुंडाळून आणला होता. कालवा, रस्ता, सगळं सुबक, रेघ न रेघ जागच्या जागी. पण तळं असायला हवं तिथं चौसष्ट घरं काढली होती. एक काळं, एक पांढरं, शाईनं भरलेली. साहेब भला माणूस. हळूच म्हणाले, ‘वहिनी, थोडे दिवस ह्यांना रजा घेऊ द्या.’ हे शेजारीच उभे होते. त्यांनी तो नकाशा हातात घेऊन पाहिला आणि विचारलं, ‘यात चूक काय आहे?’

तुम्ही त्यांना दोन शब्द लिहा. तुमचं ते कधी मोडत नाहीत.

सौ. अरुंधती


लोणावळे,
ता. ११ मार्च १९३६

ती. सौ. अक्कास गोपाळचा सा. न.

तुझं पत्र पोचलं. तू रागावून लिहिलंस, मग खालच्या ओळीत माया केलीस. तू पहिल्यापासून अशीच. यजमानांना माझा नमस्कार सांग. त्यांना दुपारी उन्हात बसवत जा, हातापायाला बरं असतं.

तू विचारतेस, मला काय झालं आहे. अक्का, मला काही झालेलं नाही. माझी एक गोष्ट हरवली आहे आणि ती मी शोधतो आहे, इतकंच. घरात एखादी किल्ली हरवली तर तू ती सापडेपर्यंत जेवशील का? तसंच.

डाव माझा होता. ही काही माझी बढाई नाही, त्या मुलानंच कबूल केलं. जिंकलेला डाव म्हणजे त्यात जिंकायची वाट असणारच. मग ती गेली कुठं? मी हत्ती मागं घेतला, ते का घेतला हे मला आठवत नाही. हात माझाच होता. मी घोड्यानं शह द्यायला हवा होता. दिला असता तर त्याचा राजा कोपऱ्यात गेला असता. मग मी वजीर आणला असता. पण मग त्याला प्याद्यामागून एक फट सापडते. ती फट बुजवली की मागं दुसरी उघडते. तीही बुजवली. आता फार थोड्या उरल्या आहेत. अरुंधतीला वाटतं मी एकाच जागी बसून आहे. तिला कसं सांगू, मी रोज किती लांब जाऊन येतो!

हे एकदा सापडलं की मी पट माळ्यावर टाकणार. कचेरीत जाईन. नीरजाला घेऊन इंदूरला येईन, तिला सराफ्यात नेऊन जिलबी खाऊ घालीन.

आज पहाटे वाटलं, सापडलं. हत्ती मुळात तिथं न्यायलाच नको होता. म्हणजे चूक त्याच्याही आधीची. पण मग तोवरच्या सगळ्या वाटा पुन्हा तपासायला हव्यात. म्हणजे अगदी पहिल्या प्याद्यापासून बघायला हवं. थांब, हे आत्ताच बघतो


इंदूर,
ता. २० मार्च १९३६

चि. सौ. अरुंधतीस आशीर्वाद.

गोपाळचं पत्र आलं. पहिलं पान वाचलं तेव्हा वाटलं, पोर शहाणं आहे, तूच भ्यालीस. ह्यांना उन्हात बसवायला सांगतो, मला चिडवतो. मग पान उलटलं. खाली सही नाही. आजवर त्यानं मला पत्र घातलं आणि ‘तुझा गोपाळ’ लिहिलं नाही, असं एकदाही झालेलं नाही.

मी उठून येणार होते. पण इकडं ह्यांना कुशीवर वळवायलासुद्धा मी लागते. सूनबाई बाळंतपणाला गेली आहे. माझा जीव दोन्हीकडं तुटतो, आणि हात मात्र एकीकडंही पुरत नाहीत.

तू एक कर. त्याला घरात बसू देऊ नकोस. लोणावळ्याची हवा अशी, की मुंबईची श्रीमंत माणसं तिच्यासाठी येऊन राहतात. रोज फिरायला पाठव. एकटा नको, नीरजाला बरोबर दे. लेकीचा हात हातात असला की माणूस भानावर राहतो.

द्वारका


लोणावळे,
ता. २६ जुलै १९३६

ती. सौ. वन्सं,

तुम्ही सांगितलंत तसं नीरजाला रोज त्यांच्याबरोबर देत होते. चार महिने काही बिघडलं नाही. मला वाटायला लागलं होतं की उतार पडतो आहे.

आज उघडीप होती. दोघं तुंगार्लीच्या धरणाकडं गेली. अंधारून आलं तेव्हा हे परत आले. एकटे. छत्री कोपऱ्यात ठेवली, पाय धुतले आणि पटापाशी बसले. मी विचारलं, ‘नीरजा कुठाय?’ त्यांनी माझ्याकडं असं पाहिलं, जणू मी भलत्याच भाषेत बोलले होते. मग म्हणाले, ‘होती की बरोबर.’

मी तशीच धावले. विठाबाई कंदील घेऊन मागून. पाऊस पुन्हा सुरू झाला होता. हाका मारल्या, पण सांडव्याच्या पाण्याच्या आवाजात माझी हाक मलाच ऐकू येईना. वाटेत धरणावरचा राखणदार कोंडाजी समोरून येताना दिसला. त्याच्या घोंगडीत नीरजा होती.

‘ही तुमचीच न्हवं का, वैनी? पान्याच्या कडंला दगडावर बसली व्हती. म्या म्हनलं, पोरी, हितं काय करतीस? चल घरला. तर उठंनाच. म्हनती, बाबांनी हितंच थांब म्हनलंय, ते आल्याबिगार हलायचं न्हाई. लय गारठलीया. उचलली तर चावली मला.’

तिनं एक टिपूस काढलं नाही. घरी आणून अंग पुसलं, गरम दूध पाजलं, तरी ती कोंडाजीची घोंगडी सोडीना. हे पटावरून मान वर करून म्हणाले, ‘सापडली?’ त्यांच्या चेहऱ्यावर केवढी आशा होती! कुणाबद्दल विचारत होते, ते मला कळलं नाही. मी ‘हो’ म्हटलं, तर म्हणाले, ‘कोणती?’

वन्सं, तुम्ही या. आजवर ‘जमल्यास या’ असं लिहीत होते. आता तसं लिहीत नाही.

अरुंधती


इंदूर,
ता. ९ सप्टेंबर १९३६

चि. सौ. अरुंधतीस अनेक आशीर्वाद.

आम्ही सुखरूप पोचलो. मी नव्हते तेवढे दिवस सूनबाईनं ह्यांना नीट सांभाळलं. नीरजा खंडव्यापर्यंत खिडकीला नाक लावून होती. तू फलाटावर हात हलवलास तेव्हा तिनं हलवला नाही, याचं वाईट वाटून घेऊ नकोस. गाडी सुटल्यावर मग हलवत बसली, कितीतरी वेळ. इथं तिला माझ्या अंथरुणात घेते. शाळेत नाव घातलं आहे.

तुझ्याकडं होते तेवढे दिवस मी तुला काही बोलले नाही, ते आता लिहिते. मी आले ती अशा तोऱ्यात, की माझा गोपाळ आहे, मी कान धरला की ऐकेल. त्याला न्हाऊ घातलं, डोक्याला तेल घातलं, भरवलं. सगळं करू दिलं त्यानं. लहानपणी करू द्यायचा तसंच. मग त्या दिवशी तू ‘नको, नको’ म्हणून ओरडत असताना मी पट फोडला आणि मोहरी ओंजळीनं बंबात घातली. मला वाटलं होतं, तो अंगावर येईल. यायला हवा होता, अरुंधती. माझा हात धरला असता, मला मारलं असतं, तरी मी देवाला साखर ठेवली असती. तो नुसता जाळाकडं बघत राहिला आणि माझी समजूत घालावी तसं म्हणाला, ‘अक्का, ते लाकूड होतं.’

नीरजाला घेऊन निघाले तेव्हा तुझ्यासमोर ताठ चालले. गाडीत बसल्यावर मात्र पोरीपुढं रडले. तिनं आपल्या फ्रॉकनं माझे डोळे पुसले.

द्वारका


लोणावळे,
ता. १४ जानेवारी १९३७

ती. सौ. वन्संना सा. न.

आज संक्रांत. नीरजाला हलव्याचे दागिने करून पाठवले आहेत; बांगड्या सैल होतील, दोऱ्यानं बांधा. तीळगूळ घ्या.

पट गेल्यावर काही दिवस हे सुपाऱ्या मांडत होते. मी सुपाऱ्या लपवल्या, तर तुरीचे दाणे. मग तेही सोडलं. आता काही लागत नाही. शहाबादी फरशीकडं बघत बसतात. बुबुळं हलत असतात, इकडून तिकडं, मध्येच थबकतात. आधी निदान मोहऱ्यांच्या आवाजावरून कळायचं की आत काय चाललं आहे.

पुण्याच्या एका मोठ्या डॉक्टरांना दाखवलं. फार चांगलं बोलले. मेंदूवर ताण आहे, विश्रांती हवी, हवापालट करा म्हणाले. आपण राहता कुठं, असं त्यांनी विचारलं. मी लोणावळे सांगितलं तर त्यांनी कागदावरचं ‘हवापालट’ खोडलं.

विठाबाई म्हणाली, ‘वैनी, ह्ये दाक्तराचं काम न्हाई. कारल्याच्या आईच्या पायावर घालून आना एकदा.’ घेऊन गेले. हे निमूट पायऱ्या चढले, सांगितलं तिथं वाकले, अंगारा लावून घेतला. कशालाच विरोध नाही. भांडणारं माणूस असतं तर ओढून तरी धरता आलं असतं. उतरताना विठाबाई पायरीवर बसून रडली. मला वाटलं तिचे पाय दुखतात. ‘पाय न्हाई वो,’ म्हणाली, ‘साहेबांनी देवीफुडं डोळं मिटलं व्हतं, पन आतनं बुबळं फिरतच व्हती.’

कचेरीनं आता दुसरा माणूस नेमला आहे. त्यांचा नाइलाज होता. मी हंगामात बंगल्यांवर डबे देते. त्यात दिवस जातो.

नीरजा माझी आठवण काढते का? खरं लिहा.

सौ. अरुंधती


इंदूर,
ता. ५ फेब्रुवारी १९३७

चि. सौ. अरुंधतीस अनेक आशीर्वाद.

खरं लिही म्हणालीस, म्हणून लिहिते. ‘आई कधी येणार’ हे रोज विचारते. बाबांचं नाव काढत नाही. शाळेत कुणीतरी विचारलं तर ‘मला बाबा नाहीत’ म्हणाली. मास्तरीणबाई माझ्या सांत्वनाला आल्या. मी त्यांना चहा दिला.

दुसरंही एक लिहिते. संध्याकाळी तिला अंगणात उभी करून मी आत गेले आणि ‘थांब हं’ असं म्हटलं, तर ती किंचाळली. आता घरात तो शब्द कुणी वापरत नाही.

आता जे लिहिते, ते गोपाळच्या बहिणीनं लिहू नये असं आहे. तू निघून ये. पुण्याला अशा माणसांना ठेवतात, तिथं त्याची सोय होईल. दोन वेळचं जेवण असतं, बघणारी माणसं असतात. त्याला जागा कुठलीही चालेल. पोरीला चालत नाही. ज्याला मी अंगाखांद्यावर वाढवला, त्याला सोडून ये असं मी तुला सांगते आहे. दोघांपैकी जे वाचण्यासारखं आहे, ते तरी वाचव.

द्वारका


लोणावळे,
ता. २२ ऑगस्ट १९३७

ती. सौ. वन्संना अरुंधतीचा शिरसाष्टांग नमस्कार.

तुमचं पत्र अजून उशाशी आहे. उत्तर दोनदा लिहिलं आणि दोन्ही वेळा फाडलं. एकात येते म्हणून लिहिलं होतं, एकात येत नाही म्हणून.

मी निघायचं ठरवलं होतं, हे तुम्हांला कळायला हवं. ट्रंक भरली होती. पुण्याच्या त्या जागेची चौकशी करायला जाणतं माणूस हवं, म्हणून विठाबाईला बरोबर घेऊन तुंगार्लीला माधवरावांकडं गेले. यंदा ते पावसाळाभर इथंच राहिले आहेत. मे महिन्यात आल्या आल्या ते आमच्याकडं येऊन गेले होते. ह्यांच्याशेजारी जमिनीवर बसले आणि हात हातात घेऊन म्हणाले, ‘पंत, मी तो डाव नीट तपासला. घोड्यानं शह दिला असता तरी फार तर बरोबरी झाली असती. जिंकायची वाट त्यात नव्हतीच. आता सोडा.’ ह्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘आपण कुणाच्या डावाबद्दल बोलता आहात?’ म्हातारा काठी विसरून गेला.

तर त्यांच्याकडं चौकशीला गेले आणि माझ्या तोंडून भलतंच निघालं. मी म्हटलं, ‘मला बुद्धिबळ शिकवाल?’

ते घाबरलेच. ‘नाही वहिनी. आणखी एक माणूस मी त्यात घालणार नाही.’

‘मला जिंकायचं नाही,’ मी म्हटलं. ‘निघायच्या आधी मला एकदा त्यांच्या समोर बसायचं आहे. त्यांनी एकदा माझ्याकडं बघावं. बघितलं तर ट्रंक सोडीन, नाही तर निघेन.’

सगळा आषाढ शिकत होते. माझं डोकं त्यात चालत नाही, पण कोण कसा चालतो एवढं पक्कं झालं. विठाबाई व्हरांड्यात बसून असायची. म्हणायची, ‘वैनी, तुमीबी आता त्यातच?’

काल दुपारी माधवरावांचा पट आणून मी ह्यांच्या पुढ्यात मांडला आणि समोर बसले. प्यादं पुढं केलं. ते किती वेळ बघत होते. मग त्यांनी माझं प्यादं उचलून परत जागेवर ठेवलं आणि म्हणाले, ‘असं नव्हतं.’ मी पुन्हा तेच पुढं केलं. त्यांनी पुन्हा मागं ठेवलं. तिसऱ्यांदा केलं तेव्हा त्यांनी ते राहू दिलं, आणि वन्सं, त्यांचा हात पुढं आला. तो डाव नव्हता. नवा होता.

लवकर संपलं. माझा वजीर गेला, मग हत्ती, मग सगळंच. ‘मात,’ म्हणाले. आणि त्यांनी मान वर करून माझ्याकडं पाहिलं. नीट, डोळ्यांत. किती दिवसांनी!

‘आपण घोडा फार लवकर बाहेर काढलात,’ ते म्हणाले. ‘नवीन आहात?’

मला आधी कळलंच नाही ते कुणाशी बोलताहेत. मग म्हटलं, ‘हो.’

‘शिकाल. हात शांत आहे आपला. बायका ह्या खेळाकडं सहसा येत नाहीत.’ जरा थांबून म्हणाले, ‘आमच्या घरात कुणाला ह्याची गोडी नाही.’

‘घरात कोण कोण असतं?’ मी विचारलं. विचारायला नको होतं.

त्यांनी आठवून पाहिलं. खरंच पाहिलं, कपाळाला आठ्या घालून. मग म्हणाले, ‘असतात.’

मी उठले तसे तेही उठले. मला दारापर्यंत पोचवायला आले. बाहेर धुकं उतरलं होतं, फाटकसुद्धा दिसत नव्हतं. ‘लांब राहता का आपण?’ त्यांनी विचारलं. ‘जवळच,’ मी म्हटलं. ‘जपून जा. वाट निसरडी आहे. उद्या दुपारी याल का? मी वाट बघेन.’ वन्सं, लग्न झाल्यापासून ते माझी वाट बघेन असं कधी म्हणाले नव्हते.

त्यांनी दार लावून घेतलं. मी अंगणात उभी राहिले, मग घराला वळसा घालून मागच्या दारानं आत आले, लुगड्याचा भिजलेला काठ पिळला आणि भात टाकला. ताट घेऊन गेले तेव्हा ते मोहरी मांडत होते. त्यांनी मान वर केली नाही.

ट्रंक तशीच आहे. त्यांनी बघितलं का आणि त्यांनी ओळखलं का, अशा दोन वेगळ्या गोष्टी असतात, हे मला माधवरावांशी बोलताना सुचलंच नव्हतं. आता कुणाला विचारू?

नीरजाला म्हणावं, आई येईल. कधी, ते मला लिहिता येत नाही. उद्या दुपारी मला बोलावलं आहे.

अरुंधती